फ्रेझरच्या खोऱ्यातील मळे आणि एक मराठी कॅमेरा

केंब्रिज येथील गणिताच्या परीक्षेत १८९९ साली पहिले येऊन रँग्लर झालेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ सालच्या डिसेंबर महिन्यात विलायतेहून मुंबईस परत आले. त्यांच्या स्वागतास मोठा जनसमुदाय लोटला होता. त्या गर्दीत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर नावाचे एक व्यवसायाने छायाचित्रकार असलेले गृहस्थ आपला चलच्चित्राचा कॅमेरा घेऊन उभे होते. लोक त्यांस सावेदादा म्हणत. दोन वर्षांपूर्वी त्यांनी मुंबईत झालेल्या एका कुस्तीचे चित्रण केलेले होतेच. आता त्यांनी हा स्वागतसमारंभ फितीवर उतरविला. ज्यास पुढे अनुबोधपट आणि आता माहितीपट असे नाव पडले आहे, त्या प्रकाराचा आपल्या देशातील आरंभ हा असा झाला. घडलेली गोष्ट घडली तशी दाखवावयाची, नट नाहीत, पडदे नाहीत, रचलेले संवाद नाहीत.

मराठी माणसाच्या कॅमेऱ्याने समुद्रापलीकडच्या प्रवासाकडे प्रथम पाहिले ते असे, मानाने परत येणाऱ्या विद्वानाच्या मुखाकडे. हे स्वाभाविकच होते. परंतु त्याच सुमारास याच देशातून दुसरीही माणसे समुद्र ओलांडीत होती. त्यांच्या निरोपास कोणी आले नव्हते आणि त्यांतील पुष्कळजण परत येणार नव्हते. त्यांच्याकडे कॅमेरा वळावयास जवळजवळ ऐंशी वर्षे लागली, आणि तो वळविणाऱ्या दोघांपैकी एक मराठी गृहस्थ होते.

१९८१ साली कॅनडात ‘अ टाइम टु राइज’ नावाचा सुमारे चाळीस मिनिटांचा अनुबोधपट पुरा झाला. त्याचे पंजाबी नाव ‘उठण दा वेला’, म्हणजे उठावयाची वेळ. मराठी माणसास त्याचे भाषांतर करून सांगावयाचे कारण नाही. आनंद पटवर्धन व जिम मन्रो या दोघांनी मिळून तो दिग्दर्शित केला. ब्रिटिश कोलंबिया हा कॅनडाचा पश्चिमेकडील, पॅसिफिक महासागराला लागून असलेला प्रांत. तेथील फ्रेझर नदीच्या खोऱ्यात स्ट्रॉबेरी, रासबेरी, ब्लूबेरी अशा फळांचे व भाजीपाल्याचे विस्तीर्ण मळे आहेत. त्या मळ्यांवर राबणारे मजूर बहुतांशी पंजाबातून आणि काही चीनमधून आलेले. ६ एप्रिल १९८० रोजी त्यांनी आपला मजूरसंघ स्थापन केला. तो का स्थापन करावा लागला, तो होऊ नये म्हणून मळेवाल्यांनी व मजुरांच्या कंत्राटदारांनी काय केले, आणि तो घरोघर जाऊन कसा उभारला गेला, हा त्या चित्रपटाचा विषय. चित्रण दोन वर्षे चालले होते.

एवढे ऐकून कोणास वाटेल की, संप आणि मजूरसंघ यांवरील चित्रपट जगात पुष्कळ निघाले, त्यांतलाच हा एक. परंतु या चित्रपटाच्या पाठीशी पाऊणशे वर्षांच्या कायद्यांचा इतिहास उभा आहे. त्या इतिहासात एक चमत्कारिक गोष्ट नजरेस येते. माणसास बाहेर ठेवणारे कायदे जसजसे नवे होत गेले, तसतशी त्यांची भाषा सभ्य होत गेली.

आरंभीची भाषा अगदी उघड होती. १९०४ पासून १९०८ पर्यंत सुमारे पाच हजार हिंदी लोक त्या किनाऱ्यावर उतरले. त्यांत बहुसंख्य शीख असून, पलटणीतून निवृत्त झालेले शिपाई पुष्कळ होते. लाकडाच्या गिरण्यांत, रेल्वेच्या रस्त्यावर, शेतांवर ते मिळेल ते काम करीत. गोऱ्या मजुरांस हे लोक कमी मजुरीत काम करणारे म्हणून खुपू लागले. १९०७ च्या सप्टेंबरात सरहद्दीच्या अलीकडे अमेरिकेत बेलिंगहॅम येथे हिंदी मजुरांस मारझोड करून गावाबाहेर हाकलण्यात आले, आणि तीनच दिवसांनी व्हँकूव्हर शहरात आशियाई वस्तीवर दंगल झाली. त्याच वर्षी ब्रिटिश कोलंबियाच्या विधिमंडळाने हिंदी लोकांचा मतदानाचा हक्क काढून घेतला. चिनी व जपानी लोकांचा तो आधीच गेलेला होता. कायद्यात शब्द घातला ‘हिंदू’, आणि त्याची व्याख्या अशी केली की, ज्याचे आईबाप अँग्लो-सॅक्सन वंशाचे नाहीत असा हिंदुस्थानात जन्मलेला कोणीही. म्हणजे शीख आणि मुसलमान हेही त्या कायद्याच्या दृष्टीने हिंदूच ठरले! धर्मशास्त्राची एवढी सुलभ मीमांसा दुसऱ्या कोठल्या विधिमंडळाने केल्याचे ऐकिवात नाही. मताचा हक्क गेला म्हणजे केवळ मतपेटी गेली असे नव्हे. मतदारांच्या यादीत नाव नसेल त्यास वकिली करता येत नसे आणि सरकारी कामाची कंत्राटेही घेता येत नसत.

परंतु हिंदी माणूस हा ब्रिटिश साम्राज्याचा प्रजाजन होता, आणि प्रजाजनास साम्राज्याच्याच एका भागात येऊ देणार नाही असे उघड लिहिणे लंडनच्या मुत्सद्द्यांस अडचणीचे वाटू लागले. म्हणून १९०८ साली जो नियम निघाला त्यात कोणत्याही देशाचे वा वर्णाचे नाव नव्हते. नियम एवढाच की, कॅनडात उतरणाऱ्याने आपल्या जन्मदेशातून किंवा नागरिकत्वाच्या देशातून मध्ये कोठेही न थांबता, तेथेच काढलेल्या सलग तिकिटावर प्रवास केलेला असावा. ऐकावयास ही एखाद्या आगबोट कंपनीची सूचना वाटते. परंतु हिंदुस्थानातून कॅनडास थेट जाणारी बोटच नव्हती, आणि जी कंपनी असे सलग तिकीट देऊ शकली असती तिचे तोंड सरकारने बंद केले होते. त्याच वर्षी आशियातून येणाऱ्याजवळ दोनशे डॉलर रोख असले पाहिजेत असेही ठरले. पूर्वी पंचवीस पुरत असत. दार बंद आहे असे कोठेही लिहिलेले नव्हते. दारापर्यंत पोहोचावयाची वाट तेवढी काढून घेतली होती.

या नियमाची परीक्षा पाहावी म्हणून गुरदितसिंग यांनी ‘कोमागाता मारू’ नावाची जपानी आगबोट भाड्याने घेतली. हाँगकाँग, शांघाय, मोजी, योकोहामा असे थांबे घेत ती २३ मे १९१४ रोजी व्हँकूव्हरच्या बंदरात आली. बोटीवर ३७६ उतारू होते: ३४० शीख, २४ मुसलमान व १२ हिंदू. त्यांतील जे पूर्वी कॅनडात राहून गेले होते अशा थोड्यांस उतरू दिले. बाकीच्यांस दोन महिने बंदरातच खोळंबून ठेवले. अन्नपाण्याचे हाल झाले. त्यांच्या वतीने न्यायालयात दाद मागितली, ती फेटाळली गेली. अखेर ‘रेनबो’ या लढाऊ जहाजाचा धाक दाखवून २३ जुलै रोजी बोट परत लावण्यात आली. ती बंगालमध्ये बजबज येथे लागल्यावर पोलिसांशी झटापट होऊन गोळीबार झाला आणि सुमारे वीस उतारू मारले गेले. ज्या देशाने घेतले नाही त्या देशात एकही गोळी सुटली नव्हती. ती सुटली मायदेशी.

या प्रकरणाचे धागे महाराष्ट्रापर्यंतही येतात. त्याच किनाऱ्यावर, अमेरिकेच्या हद्दीत, १९१३ साली गदर पक्ष उभा राहिला. त्यात वर्ध्याचे पांडुरंग सदाशिव खानखोजे आणि तळेगाव ढमढेऱ्याचे विष्णु गणेश पिंगळे हे मराठी तरुण होते. पिंगळे १९१४ च्या अखेरीस हिंदुस्थानात परतले, मीरतच्या छावणीत पकडले गेले, आणि १६ नोव्हेंबर १९१५ रोजी कर्तारसिंग सराभा यांच्याबरोबर लाहोरच्या तुरुंगात फाशी गेले. खानखोजे मेक्सिकोत जाऊन तेथील शेतकी विद्यालयात अध्यापक झाले व त्या देशाचे नागरिक बनले. स्वातंत्र्यानंतर १९४९ साली ते मायदेशी आले, तेव्हा इंग्रजांनी केलेल्या काळ्या यादीतून त्यांचे नाव कोणी काढलेलेच नसल्याने त्यांस अडविण्यात आले. राज्य गेले तरी राज्याची कागदपत्रे मागे राहतात, आणि कारकून कागदावर चालतो.

पुण्याच्या भारत सेवक समाजाने परदेशांतील हिंदी मजुरांचा प्रश्न पहिल्यापासून हाती धरला होता. समाजाचे संस्थापक गोपाळ कृष्ण गोखले यांनी १९१० साली नाताळात वेठबिगारीच्या कराराने माणसे पाठविणे थांबवावे असा ठराव वरिष्ठ कायदेमंडळात मांडून संमत करून घेतला, आणि १९१२ साली ते स्वतः दक्षिण आफ्रिकेत जाऊन आले. त्यांच्या मागून समाजाचे अध्यक्ष झालेले श्रीनिवास शास्त्री १९२२ साली कॅनडास गेले व हिंदी लोकांस मताचा हक्क परत द्यावा म्हणून तेथील सरकारशी बोलले. त्यांचे भाषण सर्वांनी वाखाणले. हक्क मात्र मिळाला नाही. तो मिळावयास १९४७ चा एप्रिल उजाडावा लागला, आणि तोपर्यंत हिंदुस्थानच स्वतंत्र होण्याच्या उंबरठ्यावर आलेला होता. त्याच वर्षी चिनी लोकांस बंदी करणारा १९२३ चा कायदाही रद्द झाला.

हक्क परत मिळाला, तरी नव्याने येणाऱ्यांची वाट लगेच मोकळी झाली नाही. १९५१ साली सबंध हिंदुस्थानास वर्षाकाठी दीडशे माणसांचा वाटा ठरवून देण्यात आला. दीडशे माणसे म्हणजे आपल्याकडील एखादी लग्नाची पंगत. पुढे तो थोडा वाढला. १९६७ साली मात्र कॅनडाने वंश व देश पाहण्याचे सोडून शिक्षण, भाषा, धंद्यातील कौशल्य यांस गुण देण्याची पद्धत सुरू केली आणि येणाऱ्यांची संख्या झपाट्याने वाढली. १९७१ साली अनेक संस्कृतींचा देश हे कॅनडाचे अधिकृत धोरण म्हणून जाहीर झाले. १९७३ साली ब्रिटिश कोलंबियात वंशावरून भेद करण्यास मनाई करणारी मानवी हक्कांची संहिता झाली. कागदावर पाहिले तर १९०७ चा डाग धुऊन निघाला होता.

नागरिक होणे म्हणजे काय, हे जतसारख्या गावास सांगावयास नको. ८ मार्च १९४८ पर्यंत जत हे डफळ्यांचे संस्थान होते आणि तेथील लोक ही संस्थानची प्रजा होती. संस्थान विलीन झाले, तालुका दक्षिण सातारा जिल्ह्यात गेला, त्या जिल्ह्यास पुढे सांगली हे नाव मिळाले, आणि २६ जानेवारी १९५० पासून ती प्रजा नागरिक झाली. परंतु नागरिक झाल्याने पाऊस वाढला नाही. पाणी नसलेल्या वर्षी पोटासाठी बाहेर पडणे पूर्वीही होते आणि पुढेही राहिले. जत भागातील कुटुंबे कृष्णाकाठच्या साखर कारखान्यांकडे ऊसतोडीस जातात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादमाकडून हंगामाआधी उचल घ्यावयाची आणि ती फिटेपर्यंत फडात राहावयाचे. मजुराची गाठ कारखान्याशी पडत नाही, मुकादमाशी पडते.

ज्यास हा मुकादम ठाऊक आहे त्यास फ्रेझरच्या खोऱ्यातील कंत्राटदार निराळा समजावून सांगण्याचे कारण नाही. फरक एवढाच की, येथे ट्रॅक्टर आणि तेथे मोटारगाडी. नवीन आलेल्या, इंग्रजी न जाणणाऱ्या पंजाबी बायका आणि म्हातारी माणसे, ज्यांचे लेक-जावई गिरण्यांत कामास जात, त्यांस हा कंत्राटदार पहाटे घरून उचली, मळ्यावर नेई आणि संध्याकाळी परत आणी. तो बहुधा त्यांच्याच जातभाईंपैकी असे. मजुरी फळाच्या वजनावर, आणि तिच्यातला मोठा भाग तो स्वतःकडे ठेवी. उरलेली रक्कम हंगाम संपेपर्यंत अडकवून ठेवण्याचीही चाल होती, म्हणजे मजूर मध्येच सोडून जाऊ नये. जे मळ्यावरच राहत त्यांस जुन्या गोठ्यांत फळ्या ठोकून केलेल्या खोल्या मिळत. पाणी बाहेरून बादलीने आणावयाचे. १९८० च्या उन्हाळ्यात अशाच एका खोलीत एक तान्हे मूल पाण्याच्या बादलीत पडून मरण पावले.

हे सर्व कायद्यास धरून कसे चालले? येथे त्या सभ्य भाषेची तिसरी पायरी येते. किमान वेतन, कामाचे तास, जादा कामाची मजुरी, कामाच्या जागेची सुरक्षितता या विषयांवर त्या प्रांतात चांगले कायदे होते. त्यांत कोठेही वंशाचा उल्लेख नव्हता. केवळ, शेतावरील कामगारांस यांतील बहुतेक तरतुदी लागू नाहीत असे म्हटलेले होते. कारण असे सांगत की, शेत म्हणजे कारखाना नव्हे. ते घरचे माणूस, शेजारचे पोर यांच्या हातांनी चालते. एके काळी ते खरेही असेल. परंतु १९७९ साली मळ्यावर शेजारचे पोर नव्हते; तेथे पंजाबी म्हातारी वाकून स्ट्रॉबेरी तोडीत होती. १९०७ च्या कायद्यात ‘हिंदू’ हा शब्द होता, १९०८ च्या नियमात ‘सलग प्रवास’ होता, आता ‘शेतकामगार’ हा शब्द आला. शब्द तीन झाले. ज्यांच्यावर ते पडले ती माणसे एकाच मुलखातून आलेली.

अशा गोष्टीविरुद्ध लेख लिहिता येतो, पण तो फारसा पटत नाही. कायद्याचा शब्द निर्दोष आहे असे कोणीही दाखवून देतो आणि वाद तेथेच संपतो. तोच शब्द घेऊन मळ्यावर जावे आणि त्याच्या आड कोण उभे आहे ते दाखवावे, हे काम अनुबोधपटासच चांगले साधते. चित्रात मजूर आपल्या भाषेत बोलतात, मळेवाले आपल्या भाषेत बोलतात, कंत्राटदारही येतो. कोणास खलनायक करून दाखविण्याची आवश्यकता पडलेली नाही. जो तो आपापली बाजू सांगतो आणि ऐकणाऱ्यास कळावयाचे ते कळते.

अनुबोधपट या प्रकारास इंग्रजी नाव देणारे जॉन ग्रिअर्सन यांनीच १९३९ साली कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळाचा पाया घातला होता, आणि प्रस्तुत चित्रपट त्या मंडळाच्या संग्रहात आहे. आपल्याकडे १९४० साली इंग्रज सरकारने युद्धाच्या प्रचारासाठी फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड काढले, तेव्हा कोल्हापूरच्या व्ही. शांताराम यांस त्याचे प्रमुख निर्माते नेमले. स्वातंत्र्यानंतर १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन आली. धरणे, कारखाने, कला, उत्सव यांवरील तिचे चित्रपट खेळाआधी सक्तीने दाखविले जात आणि प्रेक्षक तेवढ्यात बाहेर जाऊन चहा पिऊन येत. त्यांत चांगली कामे नव्हती असे नाही. पण सरकारचा कॅमेरा सरकारच्या कायद्याकडे डोळे वटारून पाहील ही अपेक्षाच वावगी आहे. सावकाराच्या पाशात जमीन घालवून शहराची वाट धरणारा शेतकरी मराठी पडद्यावर आला तो बाबूराव पेंटरांच्या १९२५ सालच्या ‘सावकारी पाश’ या कथापटात. अनुबोधपटात तो यावयास पुष्कळ काळ जावा लागला.

आनंद पटवर्धन यांचा जन्म १९५० सालचा, मुंबईचा. पटवर्धनांचे घराणे अहमदनगरचे. रावसाहेब पटवर्धन व अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे चुलते. सातारा-सांगलीकडील जुन्या माणसांस अच्युतरावांची ओळख देण्याचे कारण नाही. बेचाळीसच्या चळवळीत भूमिगत राहून ते शेवटपर्यंत इंग्रजांच्या हाती लागले नाहीत, आणि साताऱ्याच्या प्रतिसरकारशी त्यांचा निकट संबंध होता. पुतण्याने मुंबई विद्यापीठाची पदवी घेऊन अमेरिकेत समाजशास्त्र शिकले. तेथे असतानाच कॅलिफोर्नियात सीझर चावेझ यांनी उभारलेल्या शेतमजूरसंघात स्वयंसेवक म्हणून काम केले. परत येऊन काही काळ मध्य भारतातील खेड्यांत घालविला. बिहारमधील जयप्रकाशजींच्या आंदोलनावर त्यांनी पहिला चित्रपट केला, आणि त्यावर आणीबाणी आली. तेव्हा चित्रपटाचे तुकडे करून ते निरनिराळ्या हातांनी देशाबाहेर पाठवावे लागले आणि कॅनडात पुन्हा जोडावे लागले. याच काळात माँट्रिअल येथील मॅक्गिल विद्यापीठाशी त्यांचा संबंध आला. म्हणजे ते कॅनडात गेले ते स्थायिक होण्यासाठी नव्हे, आणि मळ्यावर गेले तेही पाहुणा म्हणून नव्हे. कॅलिफोर्नियातील मजुरांची धडपड त्यांनी जवळून पाहिलेली होती.

पंजाबी मजुरांची भाषा मराठी नव्हे, मळ्यावर कोणी मराठी कुटुंब होते असेही नाही. मराठी माणसाने आपल्या जातीगोताबाहेरच्या परदेशस्थ मजुरांसाठी दोन वर्षे खर्ची घातली, ही या प्रकरणातील लक्षात ठेवण्याजोगी गोष्ट आहे. परदेशातील आपल्या मंडळांच्या स्मरणिकांत डॉक्टर, इंजिनियर, गणेशोत्सव आणि नाटके यांची वर्णने भरपूर येतात. वजनावर मजुरी घेणाऱ्याचे वर्णन त्यांत शोधूनही सापडत नाही.

चित्रपटास १९८२ साली लाइपझिगच्या महोत्सवात रौप्य कबुतराचे पारितोषिक मिळाले. मजूरसंघाचे पुढे काय झाले ते एकसारखे नाही. संघाचे पहिले अध्यक्ष राज चौहान आणि त्यांचे सहकारी चरण गिल हे वर्णद्वेषाविरुद्धच्या चळवळीतही पुढे होते. काही मळ्यांवर करार झाले. पण फळ दोन महिन्यांत तोडून होते, मजूर पांगतात, आणि पुढच्या हंगामास नव्याने आरंभ करावा लागतो. शेतमजुरांस कामाच्या जागेवरील सुरक्षिततेचे नियम १९८३ च्या एप्रिलपासून लागू व्हावयाचे होते. अंमलास थोडे दिवस उरले असता प्रांतिक सरकारने ते मागे घेतले. कॅनडाच्या नव्या राज्यघटनेतील समानतेचे कलम १९८५ साली अंमलात आले. त्या कलमात वंश, वर्ण, धर्म अशी सर्व नावे आहेत. धंदा हे नाव त्यात नाही.

पटवर्धन परत आले आणि मुंबईत त्यांस तोच प्रश्न भेटला. येथे तर समुद्रही मध्ये नव्हता. १९८१ च्या जुलैत, ऐन पावसाळ्यात, मुख्यमंत्री अंतुले यांनी मुंबईच्या पदपथांवर राहणाऱ्यांस उठवून आपापल्या गावी परत धाडण्याचे जाहीर केले. देशात कोठेही राहण्याचा व वसण्याचा हक्क राज्यघटनेने प्रत्येक नागरिकास दिलेला आहे. पण येथेही शब्द बदललेला होता. दुष्काळी मुलखातून आलेल्या नागरिकास ‘नागरिक’ न म्हणता ‘अतिक्रमण’ म्हणण्यात आले, आणि अतिक्रमणास हक्क नसतात. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायाधीशांनी १० जुलै १९८५ रोजी निकाल दिला की, जगण्याच्या हक्कात पोट भरण्याचा हक्क येतो. मात्र योग्य ती नोटीस देऊन पदपथ मोकळे करण्यास महापालिकेस हरकत नाही. तत्त्व झोपडीवाल्यांच्या बाजूने आणि हुकूम पालिकेच्या बाजूने, असा तो निकाल होता. त्याच वर्षी पटवर्धनांचा ‘हमारा शहर’ हा अनुबोधपट पुरा झाला. उत्कृष्ट कथेतर चित्रपट म्हणून सरकारने त्यास राष्ट्रीय पारितोषिक दिले. सरकारच्याच दूरदर्शनवर तो दाखविला जाण्यासाठी मात्र न्यायालयाची पायरी चढावी लागली.

कॅनडात जुन्या गोष्टींची आठवण पुढे निघाली. दिल्लीहून तेथे गेलेले अली काझिमी यांनी २००४ साली ‘कंटिन्युअस जर्नी’ हा ‘कोमागाता मारू’वरील अनुबोधपट केला, नाव त्या १९०८ च्या नियमाचेच. जुनी छायाचित्रे, वृत्तपत्रे आणि सरकारी कागद यांतून त्यांनी ती हकीकत उभी केली. १८ मे २०१६ रोजी पंतप्रधान जस्टिन ट्रुडो यांनी त्या बोटीवरील उतारूंस परत लावल्याबद्दल पार्लमेंटात जाहीर क्षमा मागितली. आणि ज्या विधिमंडळाने १९०७ साली हिंदी माणसाचे मत काढून घेतले होते, त्याच ब्रिटिश कोलंबियाच्या विधिमंडळाने २०२० च्या डिसेंबरात आपला सभापती म्हणून शेतमजूरसंघाचे पहिले अध्यक्ष राज चौहान यांची निवड केली. मजूरसंघाचे जुने कागद सायमन फ्रेझर विद्यापीठाच्या संग्रहालयात जपून ठेवलेले आहेत.

मळ्याकडे जाणाऱ्या पहाटेच्या गाड्या मात्र बंद झाल्या नव्हत्या. ७ मार्च २००७ रोजी ॲबट्सफर्डजवळ महामार्गावर शेतमजुरांस नेणारी एक गाडी उलटली आणि तीन बाया ठार झाल्या. तिघीही पंजाबी. गाडीत सतरा माणसे होती. आसनाचे पट्टे दोनच होते, आणि बाकीच्यांस बसावयास लाकडी फळ्यांची बाके ठोकलेली होती.